अर्धं कोष्टक

आमच्या घरात 'गुण' हा शब्द दिवसातून पन्नास वेळा कानावर पडायचा आणि दरवेळी त्याचा अर्थ वेगळा असायचा. आईच्या कंबरेला लेपाचा गुण आला की नाही, मला सहामाहीत किती गुण पडले, शैलाताईच्या अंगी काय काय गुण आहेत (हे फक्त पाहुणे आले की सांगायचं), आणि बाबांच्या समोर बसलेल्या कुणाच्या तरी मुलीचे कुणाच्या तरी मुलाशी किती गुण जुळले. शाळेत गुणाकार शिकायला लागले तेव्हा मला वाटलं, हा घरचाच विषय आहे, ह्यात आपल्याला कोण अडवणार! मूर्खपणाची सुरुवात नेहमी अशीच होते, निदान माझ्या तरी.

अकोल्यात एका ऑइल मिलच्या मागे आमच्या भाड्याच्या दोन खोल्या होत्या. बारा महिने सरकीच्या पेंडीचा वास. पाहुणे नाकाला पदर लावत, आम्हाला तो वास येतच नसे. मिलचा भोंगा झाला की आई वरणाला फोडणी द्यायची. पुढच्या खोलीत बाबांची बैठक होती, एक सतरंजी, एक चौरंग आणि त्यावर पंचांग. बाबा भिक्षुकी करत. सत्यनारायण, वास्तुशांत, मुंजी, लग्नं. ते मोठे ज्योतिषी नव्हते आणि तसा त्यांचा दावाही नव्हता. पत्रिका जुळवायला लोक आले की दोघांची नक्षत्रं बघायची, पंचांगातल्या कोष्टकात बोट ठेवायचं आणि आकडा सांगायचा. छत्तीसपैकी अठराच्या वर आला तर करा, अठराच्या आत आला तर नको. पण आकडा सांगण्याआधी बाबा डोळे मिटून क्षणभर थांबत. समोरच्या बाईचा श्वास अडकलेला मला दाराआडून ऐकू येई.

सहावीत आम्हाला कुमुदबाई गणिताला होत्या. ठेंगण्या, कडक, हातात खडूऐवजी बरेचदा पट्टीच. त्यांनी एके दिवशी फळ्यावर तीन परकर काढले आणि चार पोलकी. म्हणाल्या, "सांगा वं पोट्ट्याहो, एक मुलगी किती तऱ्हेनं नटू शकते?" आम्ही बोटं मोजत बसलो. बाईंनी रेघा ओढल्या, प्रत्येक परकरापासून चार. "मोजत काय बसता? तीन चोक बारा!" मग त्यांनी उलटं केलं, प्रत्येक पोलक्यापासून तीन रेघा. "चार त्रिक बारा. कुठूनबी धरा, तितकंच येते." माझ्या अंगावर शहारा आला. खरंच आला. माझ्याकडे स्वतःचा एक परकर आणि दोन पोलकी होती आणि त्यातलं एक ताईचं उतरलेलं होतं, पण त्या दिवशी मी घरी नाचतच गेले. मग मी सगळ्याला गुणायला लागले. दोन भाज्या, भाकरी नाहीतर पोळी, ताक नाहीतर कढी, म्हणजे आठ तऱ्हेची जेवणं. आई म्हणाली, "आठ तऱ्हा तुह्या वहीत ठेव, इथं आंबाडीची भाजी आहे, मुकाट्यानं गिळ."

त्याच सुमारास बाबांचे डोळे गेले. अगदी गेले नाहीत, मोतीबिंदू होता. तेव्हा डॉक्टर मोतीबिंदू पिकायची वाट पाहायला सांगत, आणि बाबांचा पिकायला अजून वर्ष होतं. मंत्र पाठ होते, त्यामुळे पूजेचं अडत नव्हतं. अडत होतं ते कोष्टकापाशी. "नुसत्या मुंग्या चालून राहिल्या," ते मला म्हणाले. आईलासुद्धा त्यांनी धड सांगितलं नव्हतं. भटजीला दिसत नाही म्हटल्यावर पत्रिका घेऊन कोण येणार? मग पत्रिका आली की बाबा काहीतरी निमित्त काढून मला हाक मारत, मी आकडा हळूच त्यांच्या कानात सांगे. पण ते त्यांना लागत असे. एका शेंबड्या पोरीच्या तोंडून गुण घ्यायचे!

दिवाळीच्या सुट्टीत मला सुचलं की कोष्टक एका वहीत मोठ्या अक्षरात लिहून काढावं. ठळक, काळ्या शाईनं, बाबांना दिव्यापाशी धरून वाचता येईल असं. नक्षत्रं सत्तावीस, पण काही नक्षत्रं दोन राशींत वाटलेली, म्हणून रकाने छत्तीस. आडवे छत्तीस, उभे छत्तीस. छत्तीस गुणिले छत्तीस, बाराशे शहाण्णव घरं. शंभर घरं लिहिली तोवर बोटं वळेनात. आणि मग मला कुमुदबाई आठवल्या. कुठूनबी धरा, तितकंच येते. मुलाचं नक्षत्र हे आणि मुलीचं ते, किंवा मुलाचं ते आणि मुलीचं हे, जोडी तर तीच! मग दोनदा कशाला लिहायचं? ताडून पाहायला मी उलटसुलट तीन घरं काढली, ती नेमकी सारखी निघाली. तीनच. चौथं काढलं असतं तर! कोष्टकाचा तिरका अर्धा भाग मी सरळ सोडून दिला. बाराशे शहाण्णवची सहाशे सहासष्ट घरं झाली. आपल्याएवढं हुशार अकोला जिल्ह्यात कुणी नाही, असं मला वाटलं.

बाबांनी वही डोळ्यांजवळ धरली, बोट फिरवलं, एक आकडा वाचला, दुसरा वाचला. मग माझ्या डोक्यावर हात ठेवून म्हणाले, "पोट्टीनं डोळे दिले मले." अर्धंच का लिहिलंय ते मी सांगितलं, तर म्हणाले, "असं आहे काय? तुमच्या गणितात असन बाप्पा तसं." इतकी वर्षं कोष्टकात बोट ठेवणाऱ्या माणसाच्या हे लक्षात कसं आलं नाही, असं कुणी विचारेल. मीही विचारलंय, स्वतःला, पुष्कळदा. त्यांना माझं कौतुक वाटलं होतं, एवढंच मला उत्तर सापडतं. त्या दिवसापासून मला हाका मारणं बंद झालं. पत्रिका आली की बाबा कोनाड्यातली वही काढत, आकडा स्वतः वाचत, डोळे मिटून थांबत आणि सांगत.

आता ताईचं. शैलाताई माझ्याहून आठ वर्षांनी मोठी. उंच, सावळी, बोलायला फटकळ. दोन स्थळं तिच्या बोलण्यावरूनच गेली होती. हुरड्याच्या दिवसांत अमरावतीहून एक स्थळ चालून आलं. मुलगा कॉलेजात प्रयोगशाळेत नोकरीला होता. रीतीप्रमाणे आधी पत्रिका आणि मग पाहणं, पण मुलाची पत्रिका त्याच्या मामाकडे गावी राहिली होती, म्हणून आमच्याकडे उलटं झालं. ते पाहायला आले, पोहे झाले, मुलाच्या वडिलांनी स्वयंपाकाचं विचारलं, शिवणाचं विचारलं. मग मुलगाच म्हणाला, "तुमाले काही विचारायचं असन तर विचारा ना." आईनं डोळे वटारायच्या आत ताईनं विचारलं, "तुमच्याकडे नळ रोज येते का?"

अकोल्यात पाण्याची काय गत होती ते ज्यानं हंडे वाहिलेत त्यालाच माहीत. सगळी बैठक हसली. मुलगा मात्र हसला नाही. म्हणाला, "दिवसाआड येते. पण पाणी मीच भरतो. आईचे गुडघे दुखते." संध्याकाळी भांडी घासताना ताई आपल्याशीच म्हणाली, "पाणी भरते म्हणे स्वतः," आणि हसली. मी तिला चिडवलं तर तिनं राखेचा हात माझ्या गालाला पुसला. दोन आठवडे ती घरात गुणगुणत होती. ताईला गाणं येत नव्हतं, सूर भलतीकडेच जायचा, पण आई तिला गप्प बस म्हणाली नाही.

मग पत्रिका आली. बाबांनी वही काढली. मी शेजारीच अभ्यास करत होते. ते बराच वेळ त्या घरावर बोट ठेवून बसले. म्हणाले, "साडेसोळा."

नक्षत्रांची नावं मी इथं मुद्दाम लिहीत नाही, नाहीतर कुणी पंचांग काढून माझी फेरतपासणी करत बसेल. माझी तपासणी झालेली आहे.

आई म्हणाली, "दीड गुणानं काय होते हो? पोरीले पसंत आहे, त्यायले पसंत आहे." बाबा म्हणाले, "लोकायले अठराच्या आत नको म्हणून सांगतो. घरच्याले वेगळं सांगू का?" आई म्हणाली, "मूर्तिजापूरच्या जोशीबुवाले तरी दाखवा." त्यावर बाबा एकदम भडकले. "माह्या कोष्टकावर माहाच भरोसा नाही का?" आई आत निघून गेली. दुसऱ्या दिवशी बाबांनी माझ्याकडूनच कार्ड लिहून घेतलं. पत्रिका जुळत नाही, तरी क्षमा असावी. माझं अक्षर चांगलं होतं ना! ताईनं ऐकलं, हंडा उचलून नळावर गेली. त्या दिवशी नळाचा वार नव्हता.

कार्ड गेल्यावर तीन आठवड्यांनी कुमुदबाईंनी तोच धडा पुन्हा घेतला. ह्यावेळी फळ्यावर दोन, तीन आणि पाच हे अंक होते. एक अंक एकदाच वापरून दोन अंकी संख्या किती होतील? मी ताडकन उभी राहिले. "बाई, तीन!" दोन-तीन, दोन-पाच, तीन-पाच. बाईंनी पट्टी टेबलावर आपटली. "तीनच कावून? तेवीस अन् बत्तीस एकच आहे का वं? बत्तीस रुपये देणं असन अन् तेवीसच हातावर ठेवले, तर घेऊन जाशीन का?" वर्ग हसला. बाई पुढे बोलत होत्या. परकर अन् पोलकं कुठल्याही क्रमानं घाला, अंगावर तेच दिसते. पण जिथं पहिली जागा वेगळी अन् दुसरी वेगळी, तिथं अदलाबदल केली की गोष्ट बदलते. मला पुढचं ऐकू आलं नाही. कोष्टकाच्या वरच्या कडेला बारीक अक्षरात 'वर' लिहिलेलं असतं आणि डाव्या कडेला 'वधू'.

मी मधल्या सुट्टीत दप्तर टाकून घरी पळाले. आई शेजारी पापड लाटायला गेली होती, ताई नळावर. बाबा एकटेच हातानं चाचपून सुपाऱ्या निवडत बसले होते.

"बाबा, वही चुकली."

"कोणती वही?"

"गुणाची. मी अर्धीच लिहिली ना, दोन्हीकडून सारखंच येते म्हणून. सारखं नाही येत."

त्यांना पहिल्यांदा कळलंच नाही. मी तेवीस-बत्तीस सांगितलं, वर-वधू सांगितलं, रडत रडत सांगितलं. मग त्यांच्या हातातली सुपारी तशीच राहिली. "पंचांग आण," ते म्हणाले. "शैलीचं पाह्य. हळू वाच." मी घर शोधलं, बोट दोनदा फिरवून खात्री केली.

"साडेएकवीस."

"पुन्हा पाह्य."

"साडेएकवीसच आहे, बाबा."

मी विचारलं, "अन् दिवाळीपासून बाकीचे लोक आले होते ते?" त्यांनी माझ्याकडे पाहिलं, म्हणजे जिथं मी आहे असं त्यांना वाटलं तिकडे पाहिलं. "त्यायचं नाव काढू नको," म्हणाले. मी ते काढलं नाही. पण वर्गात बसल्या बसल्या मी मोजायची. आठवड्याला दोन-तीन पत्रिका, इतके आठवडे, त्यातल्या साधारण निम्म्या चुकीच्या घरातल्या. कुणाचं मोडलं असेल, कुणाचं नको ते जुळलं असेल. गुणाकार मला चांगला येत होता, तो थांबवायचा कसा ते बाईंनी शिकवलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी बाबांनी कोट चढवला, टोपी घातली. आईला सांगितलं, यजमानाच्या कामासाठी अमरावतीला जातो. आईनं दशम्या बांधून दिल्या. त्यांना दिसत नव्हतं म्हणून मी सोबत येऊ का विचारलं, तर नको म्हणाले. तो दिवस मी कसा काढला ते माझं मला माहीत. दिवेलागणीला बाबा परत आले. अंगणात पाय धुताना तांब्या मीच धरला होता. ते हळूच म्हणाले, "त्यायचं जमलं दुसरीकडे. मागच्याच आठवड्यात सुपारी फुटली. आता हे कोणाले सांगू नको, शैलीले तर नाहीच."

मला त्या क्षणी सुटल्यासारखं वाटलं. लिहायला लाज वाटते, पण तसंच वाटलं. आता काही करण्यासारखं उरलं नाही, म्हणजे मला काही करायला नको.

रात्रीच्या जेवणानंतर बाबांनी वही माझ्यापुढे ठेवली. "उरलेली अर्धी लिहून काढ." सहाशे तीस घरं होती. मी रोज शाळेतून आल्यावर लिहायची. ताई विचारायची, "काय लिहून राहिली वं इतकं?" मी म्हणायची, "गणित." तिला सांगून आलेल्या पुढच्या स्थळाचे गुण बाबांनी त्याच वहीत पाहिले, बरोबर घरात, बरोबर क्रमानं. एकतीस आले. बाबांनी इतके गुण फारसे कधी सांगितले नव्हते. उन्हाळ्यात ताईचं लग्न होऊन ती दर्यापूरला गेली.

तिच्या नवऱ्यानं तिला कधी मारलं नाही. ताई हे आवर्जून सांगते. तो बोलायचा नाही. भाजीत मीठ जास्त झालं तर चार चार महिने बोलायचा नाही. ताट सरकवायचा, चपला घालायचा, जायचा. दोन मुलं झाली, त्यांच्या शाळा झाल्या, सगळं त्या गप्प घरात. माहेरी आली की ताई सारखी बोलत राहायची, कशावरही, बंद पडेल म्हणून घाबरल्यासारखी. मग वर्षं गेली तशी तीही कमी बोलायला लागली. माझी फटकळ बहीण! बाबा म्हणायचे, "एकतीस गुण होते, अजून काय पाह्यचं होतं?" आणि माझ्याकडे बघायचे नाहीत. पुढे त्यांचे डोळे बरे झाले, पण वही त्यांनी सोडली नाही. मरेपर्यंत त्यातूनच गुण सांगत राहिले.

मी गणिताची शिक्षिका झाले. बाकी कशाची होणार! हा धडा मी तीसेक वर्षं शिकवला. क्रमाचं उदाहरण आलं की मी दोन-दोनदा समजावायची, पोरी कंटाळायच्या. परवा एका माजी विद्यार्थिनीनं मोबाईलवर दाखवलं, आता दोन जन्मतारखा टाकल्या की आकडा आपोआप येतो. मी चष्मा लावून पहिलं काय केलं असेल? मुलाच्या जागी मुलीची तारीख टाकली आणि मुलीच्या जागी मुलाची. आकडा बदलला. मी मोबाईल परत दिला.

निवृत्त व्हायच्या आदल्या वर्षी मी अमरावतीला एका सहकारी बाईंच्या मुलीच्या लग्नाला गेले होते. पंगतीत शेजारी एक वयस्क बाई बसल्या होत्या, बोलक्या. माहेरचं नाव विचारलं, मी सांगितलं. अकोल्याचे भटजी म्हटल्यावर त्यांनी घास खाली ठेवला. ताईला पाहायला आलेल्या त्या मुलाच्या त्या वहिनी निघाल्या.

"तुमच्याकडून कार्ड आलं होतं, पत्रिका जुळत नाही म्हणून," त्या म्हणाल्या. "आमच्या जोश्यानं तर साडेएकवीस काढले होते. पण मामंजी म्हणाले, पत्रिका जुळत नाही याचा अर्थ आपल्याले समजत नाही का? पोरगा पसंत नसन."

बरोबर आहे. आमच्या लोकांत नकार कोण तोंडावर देतो? मुलगी काळी आहे, मुलगा बुटका आहे, हुंडा कमी आहे, सगळ्यावर एकच पांघरूण, पत्रिका जुळत नाही. समोरचाही समजून घेतो आणि पुन्हा विचारत नाही. बाबांनी खरोखरच पत्रिकेचं लिहिलंय हे जगात कुणालाही खरं वाटलं नसतं.

"भाऊजी दोन वर्षं कोणाचं स्थळ पाह्यलेच तयार नव्हते," वहिनी म्हणाल्या. "म्हणे, त्या मुलीनं नळाचं विचारलं, मी दिवसाआड सांगितलं, त्यानंच बिघडलं."

मी म्हटलं, "दोन वर्षं? पण तुमच्याकडे तर लगेच सुपारी फुटली होती ना? माझे वडील आले होते तुमच्याकडे, तेव्हा तुम्हीच सांगितलं."

"तुमचे वडील? नाही बा. कधीच नाही आले. मी घरातच होती ना."

मी जेवण पुरं केलं. पानात टाकायची आम्हाला सवय नाही. बाबा त्या दिवशी कोट-टोपी घालून गेले ते कुठे बसून राहिले? बडनेऱ्याच्या फलाटावर? कुठल्या देवळात? अमरावतीत त्या घराच्या दारापर्यंत जाऊन परत फिरले? दशम्या तर खाल्लेल्या होत्या, फडकं मीच धुतलं होतं. तिथं जाऊन त्यांना सांगावं लागलं असतं की मला दिसत नाही, माझ्या पोरीनं वही लिहिली, ती चुकली. मग दिवाळीपासूनचे सगळे दारात उभे राहिले असते. मला बाबांचा राग येतो. मेलेल्या माणसाचा राग कुठे नेऊन टाकायचा ते मला अजून समजलेलं नाही.

इतकं होऊनही मी ताईला सांगायला आणखी काही वर्षं लावली. तिचा नवरा जाईपर्यंत थांबले. गेल्या हिवाळ्यात बसनं दर्यापूरला गेले. ताई अंगणात उन्हात सुपात तूर पाखडत बसली होती. मी तिच्यापुढे पाट घेऊन बसले आणि सगळं सांगितलं. वही, अर्धं कोष्टक, साडेसोळा, साडेएकवीस, बाबांचा कोट, वहिनी, दोन वर्षं. सूप थांबलं होतं. मी रडत होते, ती नाही.

माझं सांगून झाल्यावर तिनं तुरीतला एक खडा वेचून बाजूला टाकला. मग म्हणाली, "इतके वर्षं मी ते ग्रहायवर ठेवलं होतं, मंदे. त्यायच्यावर राग येत नाही माणसाले. आता कोणावर ठेवू? तुह्यावर का बाबावर?"

मी डोळे पुसले.

"हलकं वाटावं म्हणून आली ना? वाटलं ना?" तिनं सूप पुन्हा उचललं. "जाय आता. गाडी चुकीन तुही."

मी उठले. गाडीला अजून दोन तास होते.